एकतर्फी हुकूमनामा झाला असेल तर: रोजनामा वाचण्यापासून ताबा परत मिळवण्यापर्यंत

दिवाणी दाव्यात आपल्याविरुद्ध निकाल होऊन गेला आहे, हे अनेक प्रतिवादींना न्यायालयाकडून कळतच नाही. गावाहून फोन येतो, की तलाठ्याने फेरफाराची नोटीस काढली आहे आणि सातबाऱ्यावरचे आपले नाव कमी होणार आहे. किंवा एखाद्या सकाळी न्यायालयाचा बेलिफ (समन्स-वॉरंट बजावणारा कर्मचारी) वॉरंट घेऊन दारात उभा राहतो आणि घरातल्यांना प्रथमच समजते, की वर्षभरापूर्वी आपल्या गैरहजेरीत दावा चालला आणि संपलाही. अशा वेळी काहीजण ‘समन्सच मिळाले नाही, तर निकाल आपल्याला लागू कसा’ असे म्हणून स्वस्थ बसतात, तर काहीजण फाइल न पाहताच मिळेल त्या न्यायालयात मिळेल तो अर्ज दाखल करून मोकळे होतात. दोन्ही गोष्टी महागात पडतात. एकतर्फी हुकूमनामा, म्हणजे प्रतिवादीच्या गैरहजेरीत दावा चालवून झालेला न्यायालयाचा निकाल, रद्द होईपर्यंत इतर कोणत्याही हुकूमनाम्यासारखाच अंमलात आणता येतो. तो तपासून रद्द करण्याचे अधिकार न्यायालयाला आहेत, पण ते वापरले जावेत यासाठी मुदतीत, योग्य मार्गाने आणि कागद हातात घेऊन न्यायालयापुढे जावे लागते.

मी तालुक्याच्या न्यायालयात दिवाणी कामे चालवतो. अशा अर्जाचे भवितव्य अर्जातल्या भाषेपेक्षा मूळ दाव्याच्या फाइलमधल्या दोन-तीन पानांवर ठरते, असे मी वारंवार पाहिले आहे. ती पाने म्हणजे समन्स कसे बजावले हे सांगणारा बेलिफाचा अहवाल आणि प्रत्येक तारखेच्या कामाची नोंद असलेला रोजनामा. म्हणून या लेखातला मोठा भाग त्या पानांना आणि मुदतीच्या हिशेबाला दिला आहे.

गैरहजेरीतही न्यायालयाने काय तपासायचे असते

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ९ नियम ६ प्रमाणे वादी हजर आणि प्रतिवादी गैरहजर असेल, तर न्यायालयापुढे पहिला प्रश्न समन्सचा येतो. समन्स रीतसर बजावले गेले असेल तरच दावा एकतर्फी चालवण्याचा आदेश करता येतो. बजावणी झालेली नसेल तर दुसरे समन्स काढावे लागते, आणि बजावणी झाली पण हजर राहायला पुरेसा वेळ मिळाला नसेल तर तारीख पुढे ढकलून तशी नोटीस द्यावी लागते.

त्यानंतरही वादीला निकाल आयता मिळत नाही. त्याला शपथपत्रावर सरतपास (आपल्या बाजूची साक्ष) द्यावा लागतो, कागद शाबीत करावे लागतात, आणि प्रतिवादी समोर नसला तरी दावा मुदतीत आहे का, न्यायालयाला अधिकारिता आहे का, मागितलेली दाद पुराव्यावर उभी राहते का, हे न्यायाधीशांना पाहावे लागते. कैफियत, म्हणजे प्रतिवादीचे लेखी उत्तर, दाखल झाली नाही म्हणून आदेश ८ नियम १० खाली निकाल देतानाही न्यायालयाने डोळे झाकून हुकूमनामा करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ साली बलराज तनेजा विरुद्ध सुनील मदान या निकालात स्पष्ट केले आहे. दाव्यातल्या मजकुरावरूनच एखादी गोष्ट वादग्रस्त दिसत असेल, तर वादीकडून पुरावा घेतला पाहिजे आणि निकालपत्रात कारणे दिली पाहिजेत. तुमच्याविरुद्धचे निकालपत्र दीड पानाचे असेल आणि त्यात ‘वादीचा पुरावा अबाधित राहिला, सबब दावा मंजूर’ यापलीकडे काही नसेल, तर ही गोष्ट लक्षात ठेवा. अपिलात ती फार उपयोगी पडते.

हुकूमनामा अजून झालेला नसेल तर

पुष्कळदा फक्त ‘एकतर्फी चालवावा’ असा आदेश झालेला असतो आणि दावा वादीच्या पुराव्यासाठी नेमलेला असतो. ही वेळ सोन्यासारखी आहे. पुढच्या तारखेला हजर राहून गैरहजेरीचे सबळ कारण दाखवले, तर आदेश ९ नियम ७ खाली न्यायालय तो आदेश मागे घेऊ शकते आणि तुम्ही पहिल्या दिवसापासून हजर होता असे धरून दावा चालू शकतो. हा अर्ज सुनावणी चालू असेपर्यंतच करता येतो. युक्तिवाद संपून दावा निकालासाठी ठेवला गेला की नियम ७ चा मार्ग उरत नाही, हे १९६४ च्या अर्जुन सिंह निकालापासून पक्के झाले आहे. आणि समजा तो अर्ज फेटाळला, तरी न्यायालयातून उठून जाऊ नका. १९५५ च्या संग्राम सिंह विरुद्ध इलेक्शन ट्रिब्युनल, कोटा या निकालानुसार प्रतिवादीला दावा ज्या टप्प्यावर असेल तिथून पुढे भाग घेता येतो, म्हणजे त्या टप्प्यानंतरच्या साक्षीदाराचा उलटतपास घेता येतो आणि युक्तिवादही करता येतो.

कैफियतीची मुदत समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांची आहे आणि कारणे नोंदवून ती ९० दिवसांपर्यंत वाढवता येते. व्यापारी दाव्यांत १२० दिवसांची मर्यादा आहे आणि ती ओलांडता येत नाही. ‘विना कैफियत’ आदेश झाला असेल, तर तो मागे घेण्याचा अर्ज वेगळा करावा लागतो. एका अर्जाने दोन्ही आदेश आपोआप जातात असे समजू नका.

पहिली पायरी: फाइल मिळवा आणि वाचा

दाव्याचा क्रमांक माहीत नसेल तर ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा मोबाइल ॲपवर जिल्हा आणि न्यायालय निवडून पक्षकाराच्या नावाने शोध घ्या. नाव इंग्रजीत वेगवेगळ्या प्रकारे लिहिलेले असते, म्हणून दोन-तीन स्पेलिंगांनी शोधावे. प्रकरण सापडले की त्याचा सोळा अक्षर-अंकी सीएनआर क्रमांक लिहून ठेवा. पुढे सगळीकडे तोच लागतो. त्याच दिवशी वकिलामार्फत फाइल पाहणीचा अर्ज द्या आणि नकलेसाठीही अर्ज करा. निकालपत्र, हुकूमनामा, दाव्याची प्रत, समन्स व त्याच्या पाठीवरचा अहवाल, टपालाची पोच, बदली बजावणीचा (जाहिरातीसारख्या पर्यायी रीतीने समन्स बजावण्याचा) अर्ज व त्यावरचा आदेश, आणि पहिल्यापासून शेवटपर्यंतचा रोजनामा, एवढ्या सगळ्यांच्या सहीशिक्क्याच्या नकला मागा.

आता बेलिफाचा अहवाल कसा वाचायचा ते पाहू. बहुतेक फाइलींमध्ये साधारण असा मजकूर सापडतो: ‘नमूद पत्त्यावर समक्ष गेलो असता घरास कुलूप दिसून आले. शेजारी चौकशी करता प्रतिवादी बाहेरगावी असल्याचे समजले. सबब समन्सची प्रत दरवाजास डकवून बजावणी केली.’ वरवर पाहता यात काही चूक दिसत नाही. पण आदेश ५ नियम १७ समोर ठेवून वाचा. दारावर प्रत डकवण्याआधी योग्य आणि वाजवी तजवीज करूनही प्रतिवादी सापडत नाही, तो वाजवी काळात घरी मिळण्याची शक्यता नाही आणि त्याच्या वतीने समन्स घेणारे दुसरे कोणी नाही, अशी परिस्थिती असावी लागते. अहवालात घर कोणी दाखवले त्याचे नाव व पत्ता आणि कोणासमक्ष प्रत डकवली त्याचे नाव लिहावे लागते. वरच्या अहवालात शेजाऱ्याचे नाव नाही, साक्षीदार नाही, बेलिफ किती वेळा गेला याचा पत्ता नाही. बाहेरगावी गेलेला माणूस कधी परतणार, हे विचारल्याचीही खूण नाही. अशा अहवालावर ‘बजावणी योग्य’ असा शेरा मारला गेला असेल, तर तुमच्या अर्जाचा कणा तिथेच आहे.

घरातल्या माणसाने समन्स घेतले असेल तर नियम १५ पाहा. प्रतिवादी घरी नसताना आणि वाजवी काळात तो घरी मिळण्याची शक्यता नसतानाच कुटुंबातल्या प्रौढ व्यक्तीकडे समन्स देता येते. ती व्यक्ती पुरुष असो वा स्त्री, चालते, पण नोकर हा कुटुंबाचा सदस्य धरला जात नाही. मी चालवलेल्या एका प्रकरणात पोचीवर प्रतिवादीच्या वृद्ध आईची वळणदार सही होती. ती बाई आयुष्यभर अंगठा उठवत आली होती. बँकेच्या नमुन्यावर, रेशनच्या जुन्या कागदांवर आणि निराधार योजनेच्या अर्जावर तिचा अंगठाच होता. आम्ही ते तीन कागद दाखल केले, आणि समन्सच्या मुद्द्यावर फार बोलावेच लागले नाही.

वर्तमानपत्रातल्या जाहिरातीने झालेली बजावणी असेल, तर प्रथम आदेश ५ नियम २० खालचा आदेश वाचा. प्रतिवादी बजावणी चुकवत आहे किंवा नेहमीच्या रीतीने बजावणी होऊ शकत नाही, याबद्दल न्यायालयाची खात्री झाल्याचे त्या आदेशातून दिसते का, की वादीच्या अर्जावर नुसते ‘मंजूर’ लिहिले आहे? जाहिरात ज्या दैनिकात दिली, ते प्रतिवादी शेवटी जिथे राहत होता त्या भागात खपणारे आहे का? साताऱ्याच्या एखाद्या गावातला माणूस दहा वर्षे वसईत राहतो हे वादीला, म्हणजे बहुधा त्याच्या सख्ख्या भावालाच, ठाऊक असते. अशा वेळी गावाकडच्या पत्त्यावर समन्स आणि गावाकडच्या दैनिकात जाहिरात, हा केवळ अनियमितपणा राहत नाही. वसईचा पत्ता वादीला माहीत होता हे दाखवणारी लग्नपत्रिका, पाठवलेले पैसे किंवा फोनवरचे संदेश असतील तर ते जपून ठेवा.

रोजनाम्यात प्रत्येक तारखेला काय झाले हे बघा. वकीलपत्र दाखल झाले होते का? तुमच्या वकिलाने काम सोडल्याचा पुरसिस (न्यायालयाला लेखी निवेदन) दिला असेल, तर तुम्हाला तशी नोटीस गेली होती का? मधल्या काळात न्यायाधीश रजेवर होते, दावा दुसऱ्या न्यायालयाकडे वर्ग झाला, आणि वर्ग झाल्याची नोटीस निघाली नाही, असेही आढळते.

दुसरी पायरी: मुदत मोजा

मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद १२३ प्रमाणे एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज ३० दिवसांत करायचा असतो. समन्स रीतसर बजावले गेले असेल तर हे दिवस हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात. बजावले गेले नसेल तर अर्जदाराला हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून. त्याच अनुच्छेदाच्या स्पष्टीकरणात म्हटले आहे, की नियम २० खालची बदली बजावणी या मुदतीपुरती रीतसर बजावणी समजायची नाही. वर्तमानपत्रातल्या जाहिरातीवर हुकूमनामा झालेल्या माणसासाठी हे स्पष्टीकरण फार मोलाचे आहे, आणि ते अर्जात नमूद करायचे अनेकदा राहून जाते.

नकलेचा एक सापळाही इथेच आहे. अपिलाची मुदत मोजताना नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस कलम १२ प्रमाणे वगळले जातात. तिथे अपील, पुनरीक्षण आणि पुनर्विलोकन यांचा उल्लेख आहे. एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याच्या अर्जाचा नाही. त्यामुळे ‘नक्कल आली की अर्ज करू’ म्हणत थांबू नका. संगणकावरून घेतलेली प्रत जोडून अर्ज दाखल करा आणि सहीशिक्क्याची नक्कल नंतर हजर करण्याची परवानगी मागा. तिसावा दिवस सुटीचा असेल, तर न्यायालय उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो.

माहिती कधी आणि कशी झाली हे तारखेनिशी सांगावे लागते. ‘नुकतेच समजले’ हे उत्तर नाही. अमुक तारखेला तलाठ्याची नोटीस मिळाली, तिसऱ्या दिवशी वकिलाने फाइल पाहिली, अशी साखळी हवी, आणि प्रत्येक कडीला कागद हवा. बेलिफ काही न कळवता थेट वॉरंट घेऊन आला, अशी तक्रार पुष्कळजण करतात. त्याचे कारण साधे आहे: हुकूमनाम्याला दोन वर्षे झाल्यानंतर दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) दाखल झाली, तर आदेश २१ नियम २२ खाली आधी नोटीस काढावी लागते, त्याआधीच्या दरखास्तीत ती बहुधा लागत नाही. म्हणून ‘दरखास्तीची नोटीस नव्हती’ हा मुद्दा मांडण्यापूर्वी तारखा पडताळा.

मुदत उलटून गेली असेल, तर कलम ५ खाली विलंबमाफीचा स्वतंत्र अर्ज, शपथपत्रासह, मूळ अर्जाबरोबरच द्यावा. विलंब किती दिवसांचा आहे तो आकडा लिहा, आणि कोणता काळ कशात गेला ते सांगा. न्यायालये विलंबाकडे उदारपणे पाहतात हे खरे. परंतु निष्काळजीपणाला ते उदारपण लागू होत नाही, असेही निकाल तितकेच आहेत.

तिसरी पायरी: मार्ग निवडा

मुख्य मार्ग दोन. ज्या न्यायालयाने हुकूमनामा केला त्याच न्यायालयात आदेश ९ नियम १३ खाली अर्ज करणे, किंवा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९६(२) खाली वरच्या न्यायालयात अपील करणे. अपिलाची मुदत जिल्हा न्यायालयात ३० दिवस आणि उच्च न्यायालयात ९० दिवस आहे. नियम १३ च्या अर्जात ‘मी का हजर नव्हतो’ हा प्रश्न असतो. अपिलात ‘हजर नसलो तरी या पुराव्यावर हा निकाल होऊ शकत होता का’ हाही प्रश्न विचारता येतो. अर्जाला किरकोळ कोर्ट फी लागते, अपिलात दाव्याच्या मूल्यांकनानुसार भरावी लागते.

दोन्ही एकाच वेळी दाखल करता येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने भानु कुमार जैन विरुद्ध अर्चना कुमार या निकालात सांगितले आहे. तथापि अपील मागे घेण्याखेरीज दुसऱ्या कोणत्याही कारणाने निकाली निघाले, की नियम १३ च्या स्पष्टीकरणामुळे अर्जाचा दरवाजा बंद होतो. उलट अर्ज आधी फेटाळला गेला, तर अपिलात गुणदोषांवर भांडता येते. दावा एकतर्फी चालवायला नको होता, हा मुद्दा मात्र तिथे पुन्हा उकरता येत नाही.

माझे मत असे, की समन्सच्या बजावणीत दोष स्पष्ट दिसत असेल, तर नियम १३ चा अर्ज आधी चालवावा आणि अपील मुदतीत दाखल करून ठेवावे, पण ते घाईने निकाली निघू देऊ नये. बजावणी नीट झाली असेल आणि गैरहजेरीचे कारण लंगडे असेल, पण निकालपत्र पुराव्याविना असेल, तर सरळ अपील करावे. फक्त अर्जावर विसंबून अपिलाची मुदत जाऊ दिली असेल तरी सगळे संपत नाही. महाराष्ट्रातल्याच एका वाटपाच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ साली, नियम १३ च्या मार्गावर प्रामाणिकपणे गेलेला काळ विलंबमाफीत विचारात घेऊन, जवळपास पाच वर्षांच्या विलंबाचे अपील ऐकण्याजोगे ठरवले. पण हा आधार नाइलाजाचा आहे. त्यावर बेत आखू नये.

पुनर्विलोकनाचा, म्हणजे त्याच न्यायालयाने आपला निकाल पुन्हा तपासण्याचा, मार्ग कागदावर आहे, परंतु उघड दिसणारी चूक किंवा नवा पुरावा असेल तरच तो कामाचा. वादीने न्यायालयाची फसवणूक करूनच हुकूमनामा मिळवला असेल, मृत माणसाला जिवंत दाखवले असेल किंवा अज्ञान मुलाविरुद्ध पालक न नेमता दावा चालवला असेल, तर तो हुकूमनामा शून्यवत ठरवून घेण्यासाठी स्वतंत्र दावाही करता येतो.

चौथी पायरी: अर्ज लिहा

महाराष्ट्रात हा अर्ज दिवाणी किरकोळ अर्ज म्हणून नोंदला जातो. तुम्ही अर्जदार आणि मूळ वादी सामनेवाला. नियम १३ खाली दोनच कारणे चालतात: समन्स रीतसर बजावले गेले नाही, किंवा दावा सुनावणीला निघाला त्या दिवशी हजर राहण्यास पुरेशा कारणाने अडथळा आला. दोन्ही कारणे एकत्र घालण्याचा मोह होतो, आणि तिथे अर्ज कमकुवत होतो. ‘समन्स मिळालेच नाही, आणि मिळाले तेव्हा मी आजारी होतो’ असे लिहिणाऱ्यावर कोण विश्वास ठेवील? जे खरे आहे ते एकच कारण ठामपणे लिहा.

पुरेशा कारणाची कसोटी त्या विशिष्ट तारखेला लावायची असते. आधीच्या तारखांना प्रतिवादी कसा वागला यावरून नाही, असे २००० सालच्या जी. पी. श्रीवास्तव निकालात म्हटले आहे. आजारपण असेल तर रुग्णालयाचे डिस्चार्ज कार्ड. नंतर मिळवलेले साधे प्रमाणपत्र नव्हे. वकिलाने तारीख कळवली नाही असे म्हणणे असेल, तर त्याला केलेले फोन, पाठवलेले संदेश, दिलेल्या फीची पावती दाखवा. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, हे १९८१ च्या रफीक निकालातले तत्त्व सर्वांना आवडते. पण शहरात राहणाऱ्या, शिकलेल्या पक्षकाराने वर्षभर चौकशीच केली नसेल, तर ते आंधळेपणाने लागू होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयानेच १९९३ साली म्हटले आहे. सैन्यात कार्यरत असलेल्या आणि विशेष परिस्थितीत किंवा युद्धसेवेत असलेल्या जवानांना १९२५ च्या भारतीय सैनिक (दावे) अधिनियमाचे वेगळे संरक्षण आहे. सातारा-कोल्हापूरकडच्या किती घरांना ते ठाऊक नसते, याची मला नेहमी खंत वाटते.

विरुद्ध बाजूचे बळही ओळखून ठेवा. नियम १३ च्या दुसऱ्या परंतुकाप्रमाणे बजावणीत केवळ अनियमितपणा आहे म्हणून हुकूमनामा रद्द होत नाही, जर प्रतिवादीला सुनावणीची तारीख माहीत होती आणि येऊन उत्तर देण्यास पुरेसा वेळ होता. योग्य पत्त्यावर पाठवलेले नोंदणीकृत टपाल ‘घेण्यास नकार’ म्हणून परत आले, तर ते बजावले गेले असे अनुमान निघते, आणि ते खोडून काढण्याची जबाबदारी तुमच्यावर येते. २०११ साली एका घटस्फोटाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने याच मुद्द्यावर पत्नीचा अर्ज नामंजूर ठरवला. घटस्फोटाच्या एकतर्फी हुकूमनाम्यात तर एक दिवसही दवडू नये, कारण अपिलाची मुदत उलटल्यावर दुसऱ्या पक्षाने लग्न केले की गुंता सुटणे फार अवघड होते.

अर्जासोबत कैफियतीचा मसुदा किंवा निदान बचावाचे ठळक मुद्दे जोडा. नियम तसे सक्तीने मागत नाही. पण या माणसाला खरोखर काही सांगायचे आहे, की नुसता वेळ काढायचा आहे, हे न्यायाधीशांना त्यातून दिसते.

पाचवी पायरी: स्थगिती

अर्ज दाखल केल्याने दरखास्त थांबत नाही. त्याच दिवशी वेगळा स्थगिती अर्ज द्या, त्याला दरखास्तीच्या रोजनाम्याची प्रत जोडा, आणि तातडी असेल तर तोंडी विनंती करून तो लगेच सुनावणीला घ्यायला सांगा. पैशाच्या हुकूमनाम्यात काही रक्कम भरण्याची तयारी आधीच दाखवणे शहाणपणाचे असते. अपील केले असेल तर स्थगिती आदेश ४१ नियम ५ खाली मागावी. फेरफाराच्या नोटिशीवर मुदतीत लेखी हरकत नोंदवा आणि तलाठी कार्यालयाची पोच घ्या. कॅव्हेट दाखल करून हे संकट टळते असा गैरसमज आहे. कॅव्हेटमुळे फक्त पुढच्या एखाद्या अर्जावर तुम्हाला न ऐकता आदेश होणे टळते, आणि तेही ९० दिवसच.

सहावी पायरी: चौकशी आणि आदेश

सामनेवाल्याला नोटीस गेल्याशिवाय हुकूमनामा रद्द करता येत नाही. तो म्हणणे देतो, मग बहुधा पुरावा होतो. तुम्हाला शपथपत्र द्यावे लागेल आणि तुमचा उलटतपास होईल. ‘त्या काळात गावी यात्रेला गेला होता का, भावाची भेट झाली होती का, दाव्याविषयी बोलणे निघाले होते का’ अशा प्रश्नांना खरी उत्तरे द्या. एक खोटे उत्तर सगळ्या अर्जावर पाणी फिरवते. गरज असेल तर बेलिफाला साक्षीला बोलावण्याचा अर्ज करा. रजिस्टरमध्ये त्या दिवशी त्याच्याकडे किती समन्स होती आणि ती कोणकोणत्या गावची होती, हे विचारल्यावर पुष्कळ काही उघड होते.

अर्ज मंजूर करताना न्यायालय खर्चाची किंवा रक्कम भरण्याची अट घालू शकते. ती मुदतीत पाळा. एक दिवस उशीर झाला तरी आदेश निष्फळ होऊ शकतो. अट न झेपणारी असेल तर मुदत संपण्याआधीच वाढ मागा. अर्ज फेटाळला गेला, तर आदेश ४३ नियम १(ड) खाली अपील आहे. मंजूर झाला तर वादीला अपील नाही. संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात दाद मागता येते, पण ते अधिकार क्वचित वापरले जातात. वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाप्रमाणे स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

जिथे नियम १३ लागत नाही किंवा वेगळा लागतो

समरी, म्हणजे संक्षिप्त पद्धतीने चालणाऱ्या, दाव्यात आदेश ३७ नियम ४ लागू होतो. तिथे ‘विशेष परिस्थिती’ दाखवावी लागते, आणि गैरहजेरीच्या कारणाबरोबर बचावही सांगावा लागतो. प्रांतिक लघुवाद न्यायालय अधिनियमाच्या कलम १७ खाली अर्जाबरोबर हुकूमनाम्याची रक्कम भरणे किंवा तारणाची परवानगी आधी घेणे सक्तीचे आहे. जिल्हा ग्राहक आयोगाला स्वतःचा एकतर्फी आदेश रद्द करता येत नाही; राज्य आयोगाकडे ४५ दिवसांत, निम्मी रक्कम भरून, अपील करावे लागते. वित्तसंस्थेच्या कर्जात लवादाने एकतर्फी निवाडा दिला असेल, तर लवाद अधिनियमाच्या कलम ३४ खाली तीन महिने आणि फार तर आणखी ३० दिवस, एवढाच अवधी आहे.

परदेशातल्या मराठी कुटुंबांसाठी दोन गोष्टी. संयुक्त अरब अमिरातीला भारताने जानेवारी २०२० मध्ये पारस्परिक प्रदेश म्हणून अधिसूचित केले आहे. त्यामुळे दुबईत नोकरी करून परतलेल्या माणसाविरुद्धचा तिथला पैशाचा हुकूमनामा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४४अ खाली इथल्या जिल्हा न्यायालयात थेट अंमलबजावणीला येऊ शकतो. मात्र तो गुणदोषांवर दिलेला नसेल किंवा नैसर्गिक न्यायाविरुद्ध असेल, तर कलम १३ खाली हरकत घेता येते, आणि पुरावा न घेता केवळ गैरहजेरीमुळे दिलेला परदेशी निकाल गुणदोषांवरचा नाही, असे २००१ च्या इंटरनॅशनल वूलन मिल्स निकालात ठरले आहे. उलट हुकूमनामा पुण्या-मुंबईचा आणि तुम्ही परदेशात असाल, तर भारतीय वकिलातीतून साक्षांकित केलेले कुलमुखत्यारपत्र आधी पाठवा. माहिती झाल्याच्या तारखेचे शपथपत्र मात्र मुखत्याराऐवजी स्वतः करा, कारण तुम्हाला केव्हा कळले हे मुखत्यार शपथेवर सांगू शकत नाही.

हुकूमनामा रद्द झाल्यावर

दावा पुन्हा मूळ क्रमांकावर येतो आणि रोजनाम्यात पुढची तारीख पडते. त्या तारखेच्या आत कैफियत दाखल करा. तिची मुदत आधीच संपलेली असेल तर विलंबमाफीसह. दरम्यान ताबा गेला असेल, बँकेतून रक्कम वळती झाली असेल किंवा सातबाऱ्यावर फेरफार मंजूर झाला असेल, तर तो हुकूमनामा झालाच नव्हता अशा स्थितीत पक्षकारांना परत आणण्यासाठी कलम १४४ खाली त्याच न्यायालयात अर्ज करावा लागतो. त्यात जमिनीबरोबर मधल्या काळातले उत्पन्न, रकमेवरचे व्याज आणि खर्चही मागता येतो. फेरफार रद्द होण्यासाठी रद्द करण्याच्या आदेशाची सहीशिक्क्याची नक्कल तलाठी कार्यालयात स्वतः नेऊन द्या आणि पोच घ्या.